दोन सुरांचा शार्क आणि पाच सोनेरी बाहुल्या

दोस्तांनो, जवळपास कुठे हार्मोनियम असेल, घरात, शाळेत किंवा भजनी मंडळात, तर आज एक गंमत करून बघा. डावीकडची, खर्जातली एखादी पट्टी निवडा आणि तिला सा माना. तिच्या उजवीकडची अगदी शेजारची पट्टी, काळी असो की पांढरी, म्हणजे कोमल रे. आता आधी सा वाजवा, मग कोमल रे. थोडं थांबा. पुन्हा सा, कोमल रे. मधलं थांबणं हळूहळू कमी करत न्या. वेग वाढवा, भाताही जोरात मारा. खोलीत आणखी कुणी असेल तर ते नक्की वळून बघेल. काहीतरी येतंय, जवळ जवळ येतंय, असं वाटायला लागतं की नाही?

असेच एकमेकांना खेटून बसलेले दोन सूर घेऊन एका संगीतकाराने 1975 साली लाखो लोकांच्या मनात समुद्राची धडकी भरवली. सिनेमाचं नाव होतं ‘जॉज’. त्यात एक अजस्र शार्क आहे. आणि त्या दोन सुरांबद्दल त्या संगीतकाराला ऑस्कर मिळालं!

त्यांचं नाव जॉन विल्यम्स. नाव ऐकलं नसेल तरी त्यांचं संगीत तुमच्या कानांवरून गेलंय, हे मी पैजेवर सांगते. ‘हॅरी पॉटर’च्या पहिल्या सिनेमात सुरुवातीलाच किणकिणणारी ती धून त्यांची. ‘जुरासिक पार्क’मध्ये डायनासोर पहिल्यांदा दिसतात तेव्हाचं संगीत त्यांचं. ‘सुपरमॅन’, ‘होम अलोन’, ‘स्टार वॉर्स’, ‘ई.टी.’, सगळं त्यांचंच. ते संगीत लिहितात आणि शंभरेक वादकांच्या वाद्यवृंदासमोर उभं राहून तो चालवतातही, म्हणजे संगीतकारही तेच आणि कंडक्टरही तेच. त्यांच्या बक्षिसांची यादी करायला बसलं तर या अंकाची पानं पुरायची नाहीत. पण मला यादीपेक्षा वेगळंच कुतूहल आहे. प्रत्येक बक्षिसामागे त्यांनी एखादं कोडं सोडवलेलं असतं, आणि त्या कोड्यात हमखास विज्ञान दडलेलं असतं. आज त्यातली काही कोडी उघडून बघू.

न दिसणारा शार्क

‘जॉज’चे दिग्दर्शक स्टीव्हन स्पीलबर्ग तेव्हा अवघे सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचे होते. सिनेमासाठी एक यांत्रिक शार्क बनवला होता. पण तो समुद्राच्या खाऱ्या पाण्यात उतरवला की सारखा बंद पडायचा. शार्कचा सिनेमा आणि शार्कच चालत नाही! मग स्पीलबर्गनी बराच वेळ शार्क दाखवलाच नाही. नुसतं पाणी दाखवलं. आता ज्याला कुणी बघितलेलंच नाही त्याची भीती वाटणार कशी? ते काम संगीताला करायचं होतं.

विल्यम्स यांनी स्पीलबर्गना पियानोवर ते दोन सूर वाजवून दाखवले तेव्हा स्पीलबर्ग चक्क हसले. त्यांना वाटलं, हा थट्टा करतोय, खरं संगीत पुढे असेल. पण खरं संगीत तेच होतं.

त्यात भीतीदायक असं काय आहे? पहिली गोष्ट म्हणजे ते सूर खर्जातले आहेत. डबल बास नावाचं माणसापेक्षाही उंच तंतुवाद्य असतं. त्याची सर्वांत जाड तार सेकंदाला साधारण 41 वेळा थरथरते. आपला कान सेकंदाला सुमारे 20 पासून 20,000 पर्यंतची कंपनं ऐकतो, म्हणजे हा सूर ऐकू येण्याच्या जवळजवळ तळाशी असतो. निसर्गात असे खोल आवाज कोण काढतं? हत्ती, वाघ, ढगांचा गडगडाट, कोसळणारी दरड. मोठी वस्तू थरथरली की आवाज खोल येतो. आपल्या मेंदूला हे कुणी शिकवावं लागत नाही. खोल आवाज ऐकला की तो समजतो, जे काही आहे ते मोठं आहे.

आणखी एक गंमत. सेकंदाला 41 कंपनं असलेल्या आवाजाची हवेतली एक लाट आठ मीटरहून लांब असते. एवढी लांब लाट आपल्या डोक्याला सहज वळसा घालून जाते, त्यामुळे दोन्ही कानांना ती जवळजवळ सारखीच ऐकू येते. आवाज डावीकडून आला की उजवीकडून, हे मेंदू ठरवतो ते दोन्ही कानांतल्या फरकावरून. इथे फरकच नसल्यासारखा, म्हणून खोल आवाजाची दिशा पटकन सापडत नाही. काहीतरी मोठं आहे, पण कुठे आहे ते कळत नाही. बघा, भीती तयार झालीसुद्धा!

दुसरी गोष्ट म्हणजे वेग. आधी सावकाश, मग भरभर. घाबरलो की आपल्या हृदयाचे ठोके असेच वाढतात. येणाऱ्या प्राण्याची चालही जवळ येताना अशीच वाढते.

पण विल्यम्स आणि स्पीलबर्ग यांची खरी हुशारी तिसऱ्या गोष्टीत आहे, आणि मला ती सगळ्यांत जास्त आवडते. सिनेमाच्या मध्यावर दोन खोडकर मुलं पुठ्ठ्याचा खोटा पर लावून पाण्यात पोहतात आणि किनाऱ्यावर एकच पळापळ होते. त्या वेळी ते दोन सूर वाजतच नाहीत. का? कारण शार्क नाहीच ना तिथे! सूर आले म्हणजे शार्क आला, हे प्रेक्षकांच्या मेंदूने तोवर पाठ करून टाकलेलं असतं. रशियाचे शास्त्रज्ञ इव्हान पाव्हलॉव्ह यांनी कुत्र्यांवर केलेले प्रयोग तुम्ही पुढच्या इयत्तांत शिकाल. जेवणाआधी दर वेळी ठरावीक आवाज केला, तर काही दिवसांनी नुसत्या आवाजानेच कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटायला लागलं. ‘जॉज’मध्ये तसंच झालं, फक्त इथे पाणी तोंडाला सुटत नाही, अंगावर काटा येतो. आणि एकदा प्रेक्षकांनी हे पाठ केल्यावर पुढे एका प्रसंगात सूर न वाजवताच शार्क थेट पाण्यातून डोकं वर काढतो. थिएटरमधले लोक खुर्चीतून उडायचे म्हणे! संगीत वाजवून घाबरवणं एक वेळ जमेल. ते न वाजवता घाबरवायला फार मोठा संगीतकार लागतो.

या संगीताला ऑस्कर जाहीर झालं 1976 च्या मार्चमध्ये. त्या रात्री समारंभात वाद्यवृंदाचे कंडक्टर कोण होते माहितीये? खुद्द जॉन विल्यम्स! स्वतःचं नाव पुकारल्यावर ते वादकांना सोडून पळत मंचावर गेले, बक्षीस घेतलं आणि पुन्हा आपल्या जागेवर येऊन पुढचं संगीत सुरू केलं.

बाहुलीच्या पोटात काय असतं?

ऑस्करच्या त्या पुतळ्याला आपल्याकडे सगळे बाहुलीच म्हणतात. ती साधारण 34 सेंटिमीटर उंच असते, म्हणजे तुमच्या फूटपट्टीपेक्षा जराशी मोठी. वजन मात्र 3.85 किलो, त्यामुळे एका हाताने ती उचलताना भल्याभल्यांचा हात खाली येतो. वरून झळझळीत सोन्याची दिसली तरी आत सोनं नसतं. आत असतं कांसं, म्हणजे तांबं आणि कथील यांचा मिश्रधातू. सोनं कांशाच्या दुपटीहून जड असतं. बाहुली आरपार सोन्याची असती तर बक्षीस घेताना दोन्ही हात लागले असते.

2016 पासून या बाहुल्या न्यूयॉर्क राज्यातल्या एका ओतकाम करणाऱ्या कारखान्यात तयार होतात. आधी बाहुली मेणाची करतात. तिच्यावर चिनी मातीसारख्या रबडीचे थर चढवतात. थर वाळले की भट्टीत तापवतात, मेण वितळून वाहून जातं आणि आत बाहुलीच्या आकाराची पोकळी उरते. त्या पोकळीत वितळलेलं कांसं ओततात. आपल्याकडे चोळ राजांच्या काळातल्या नटराजाच्या सुंदर मूर्ती याच रीतीने घडवल्या गेल्या, हजारेक वर्षांपूर्वी!

मग सोन्याचा मुलामा. तो ब्रशने लावत नाहीत, विजेने चढवतात. सोन्याचा क्षार विरघळलेल्या द्रावणात बाहुली बुडवून तिला विजेच्या ऋण टोकाशी जोडतात. प्रवाह सुरू झाला की द्रावणातलं सोनं कणाकणाने बाहुलीकडे ओढलं जातं आणि तिच्या अंगावर बसतं. थर केसापेक्षाही पातळ असतो, पण सोनं गंजत नाही, काळं पडत नाही, त्यामुळे तेवढा थरही वर्षानुवर्षं चमकत राहतो.

दुसऱ्या महायुद्धात धातूची टंचाई होती, तेव्हा तीन वर्षं बाहुल्या रंगवलेल्या प्लास्टरच्या होत्या. युद्ध संपल्यावर विजेत्यांना त्या बदलून धातूच्या दिल्या.

जॉन विल्यम्स यांच्याकडे अशा पाच बाहुल्या आहेत. पहिली मिळाली ‘फिडलर ऑन द रूफ’साठी, 1972 साली. ते मूळ संगीत दुसऱ्याचं होतं, विल्यम्स यांनी ते पडद्यासाठी नव्याने बांधलं. मग ‘जॉज’, मग ‘स्टार वॉर्स’, ‘ई.टी.’ आणि शेवटची ‘शिंडलर्स लिस्ट’साठी, 1994 साली.

त्या रात्री कोल्हापूरही होतं!

आता एक गोष्ट सांगते, ती ऐकून तुम्हीही माझ्यासारखेच खूश व्हाल. 11 एप्रिल 1983 ची रात्र. लॉस एंजेलिसला ऑस्करचा समारंभ चालू आहे. संगीताच्या बक्षिसासाठी पाच सिनेमांची नावं यादीत आहेत. त्यात ‘ई.टी.’साठी जॉन विल्यम्स आहेत आणि ‘गांधी’साठी जॉर्ज फेंटन यांच्या जोडीने आपले पंडित रविशंकर! बाहुली विल्यम्स यांना मिळाली. पण त्याच रात्री ‘गांधी’च्या वेशभूषेसाठी भानू अथय्या मंचावर गेल्या. त्या मूळच्या कोल्हापूरच्या, माहेरचं आडनाव राजोपाध्ये. ऑस्कर मिळवणारी पहिली भारतीय व्यक्ती म्हणजे ही कोल्हापूरची लेक.

त्यांच्यासोबत ते बक्षीस वाटून घेतलं जॉन मोलो या इंग्रज वेशभूषाकाराने. हे मोलो कोण? ‘स्टार वॉर्स’चे कपडे त्यांनीच केले होते आणि त्यासाठी 1978 साली त्यांना ऑस्कर मिळालं होतं. त्याच रात्री ‘स्टार वॉर्स’च्या संगीताचं ऑस्कर विल्यम्स यांना मिळालं होतं. म्हणजे मोलो आणि विल्यम्स दोघेही दोन्ही रात्री जिंकले, आणि दुसऱ्या रात्री त्यांच्यासोबत भानूताई होत्या. पुढे 2012 साली भानूताईंनी आपली बाहुली जपून ठेवण्यासाठी ऑस्कर देणाऱ्या संस्थेकडेच परत सोपवली.

एक मुंबईकरही या गोष्टीत आहेत. झुबिन मेहता, मुंबईत 1936 साली जन्मलेले, जगातल्या मोठ्या कंडक्टरांपैकी एक. 1977 साली ‘स्टार वॉर्स’ आला तेव्हा ते लॉस एंजेलिस फिलहार्मोनिक या वाद्यवृंदाचे प्रमुख होते. सिनेमाचं संगीत म्हणजे काहीतरी हलकं, ते मोठ्या वाद्यवृंदाने मैफलीत वाजवायचं नसतं, असं तेव्हा पुष्कळ जाणकारांना वाटायचं. मेहतांना तसं वाटलं नाही. त्यांनी त्याच वर्षी हॉलिवूड बोलच्या उघड्या प्रेक्षागृहात हजारो लोकांसमोर ‘स्टार वॉर्स’चं संगीत वाजवून घेतलं, त्याची रेकॉर्डही काढली. माझ्या मते विल्यम्स यांना मिळालेला हा एक मोठा सन्मानच होता, जरी त्यात ना पदक होतं ना बाहुली.

छडी कशाला हवी?

कंडक्टर स्वतः एकही वाद्य वाजवत नाही, नुसती हातातली छडी हलवतो. मग त्याची गरज काय? सगळे वादक इतके तयार असतात, एकमेकांचं ऐकून वाजवू शकत नाहीत का?

नाही! आणि याचं कारण भौतिकशास्त्रात आहे. मोठ्या वाद्यवृंदात एका टोकाच्या वादकापासून दुसऱ्या टोकाच्या वादकापर्यंत सतरा-अठरा मीटर अंतर सहज असतं. आवाज हवेतून सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. म्हणजे सतरा मीटर जायला त्याला सेकंदाचा विसावा भाग लागतो. एवढासा वेळ? हो, पण द्रुत लयीत वादक एका सेकंदात आठ सूर वाजवतात. तेव्हा एक सूर टिकतो सेकंदाचा आठवा भाग. त्यात विसाव्या भागाचा उशीर झाला तर जवळजवळ अर्ध्या सुराची गडबड झाली! मागच्या ढोलवाल्याने पुढच्या व्हायोलिनचं ऐकून ठोका दिला तर तो कायम उशिराच पडणार.

प्रकाशाचं तसं नाही. तो तेच सतरा मीटर सेकंदाच्या एक कोटीव्या भागाच्याही आत कापतो. म्हणून वादक कानांवर विसंबून राहत नाहीत, डोळ्यांनी छडी बघतात. छडीचं टोक खाली आलं की सगळ्यांना ते एकाच क्षणी दिसतं.

विल्यम्स यांच्या रक्तातच ताल आहे म्हणा ना. त्यांचा जन्म 8 फेब्रुवारी 1932 चा, न्यूयॉर्कमधला. वडील जॅझ वाद्यवृंदात ड्रम वाजवायचे. मुलगा पियानो शिकला. अमेरिकेच्या हवाई दलात नोकरी करताना तिथल्या बँडसाठी त्यांनी संगीत बांधलं, बँड चालवला. मग न्यूयॉर्कच्या जुलियार्ड या नामांकित संगीत विद्यालयात पियानोचं शिक्षण, रात्री क्लबांमध्ये पियानोवादन, पुढे हॉलिवूडच्या स्टुडिओंत इतरांच्या सिनेमांसाठी पियानो वाजवणं. 1980 ते 1993 अशी तेरा वर्षं ते बॉस्टन पॉप्स या प्रसिद्ध वाद्यवृंदाचे प्रमुख कंडक्टर होते. संगणकावर सूर जुळवायच्या आजच्या काळातही ते पियानोजवळ बसून कागदावर पेन्सिलीनेच संगीत लिहितात.

सिनेमासाठी कंडक्टर होणं तर आणखी अवघड. समोर वादक, त्यांच्या मागे पडदा, पडद्यावर सिनेमा चालू. सिनेमात एका सेकंदात 24 चित्रं सरकतात. घोड्याने उडी मारली की त्याच क्षणी तुतारी वाजली पाहिजे, पाव सेकंदही इकडेतिकडे झालेलं प्रेक्षकांना खटकतं.

‘ई.टी.’चा शेवट आठवतोय? मुलं सायकली दामटत पळतायत आणि एकदम सायकली आकाशात! जवळजवळ पंधरा मिनिटांचा हा भाग, त्यात क्षणोक्षणी काहीतरी घडतं. विल्यम्स यांनी वाद्यवृंदाकडून तो पुन्हा पुन्हा वाजवून घेतला, पण काही केल्या सगळे क्षण जुळेनात. क्षण जुळले तर संगीताचा जीव जायचा, संगीत रंगलं तर क्षण चुकायचे. शेवटी या सिनेमाचेही दिग्दर्शक असलेले स्पीलबर्ग म्हणाले, पडदा बंद करा. मैफलीत वाजवता तसं मनमोकळं वाजवून घ्या, सिनेमा मी नंतर तुमच्या संगीताप्रमाणे कापतो. आणि त्यांनी तसं केलं! सिनेमाच्या मापाने संगीत शिवायचा रिवाज, इथे संगीताच्या मापाने सिनेमा शिवला गेला. मला विचाराल तर एखाद्या संगीतकाराला दिग्दर्शकाने याहून मोठा मान देणं कठीण आहे. बाहुली त्यानंतर आलीच.

पाच सुरांचा नमस्कार

1977 सालीच स्पीलबर्ग यांचा ‘क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड’ आला. त्यात परग्रहावरचे पाहुणे आणि पृथ्वीवरची माणसं एकमेकांशी बोलतात, शब्दांनी नाही, सुरांनी. स्पीलबर्गना हवे होते फक्त पाच सूर. विल्यम्स यांना वाटत होतं, पाचांत कसं भागणार, दोन तरी जास्त द्या. पण स्पीलबर्ग अडून बसले. त्यांना गाणं नको होतं, साधी हाक हवी होती.

आता वही काढा आणि हिशेब करा. सप्तकात शुद्ध, कोमल, तीव्र धरून स्वर बारा. पहिल्या जागी बारांपैकी कुठलाही, दुसऱ्या जागी पुन्हा बारांपैकी कुठलाही, असं पाच वेळा. 12 × 12 × 12 × 12 × 12 केलं की येतात 2,48,832 हाका! एक हाक वाजवायला तीन सेकंद लागले तर सगळ्या वाजवायला न झोपता, न जेवता आठ दिवसांहून जास्त लागतील. आणि हे एकाच सप्तकात, सगळे सूर सारख्या लांबीचे धरून.

विल्यम्स यांनी त्यांतल्या शेकडो लिहून काढल्या. दोघे बसून त्या ऐकत, खुणा करत राहिले आणि शेवटी एक निवडली. ती ऐकली की कुणीतरी प्रश्न विचारून उत्तराची वाट बघतंय असं वाटतं. ऑस्करच्या यादीत हा सिनेमाही होता. पण त्या वर्षी ‘स्टार वॉर्स’ही होता ना! म्हणजे विल्यम्स स्वतःशीच स्पर्धा करत होते. ‘स्टार वॉर्स’वाले विल्यम्स जिंकले, ‘क्लोज एन्काउंटर्स’वाले हरले.

चोपन्न वजा पाच

हरण्याचं निघालंच आहे तर ऐका. ऑस्करच्या अंतिम यादीत नाव येणं, म्हणजे नामांकन, हाही मोठा मान समजला जातो. विल्यम्स यांना पहिलं नामांकन 1968 साली मिळालं. आणि 2024 पर्यंत किती झाली? चोपन्न! आजवर याहून जास्त नामांकनं फक्त वॉल्ट डिस्ने यांना मिळाली, 59. चोपन्नांतून जिंकलेली पाच वजा करा. एकोणपन्नास वेळा नाव यादीत आलं आणि बाहुली मिळाली नाही.

‘सुपरमॅन’ हरला. ‘होम अलोन’ हरला. ‘हॅरी पॉटर’सुद्धा हरला. आणि ‘जुरासिक पार्क’, ज्याची धून जगभरची मुलं गुणगुणतात, त्याला तर नामांकनच मिळालं नाही! त्याच वर्षी, 1993 मध्ये, विल्यम्स यांनी ‘शिंडलर्स लिस्ट’चं संगीत केलं होतं. दुसऱ्या महायुद्धात ज्यूंवर झालेल्या भयंकर अत्याचारांवरचा हा स्पीलबर्ग यांचा सिनेमा. तो पहिल्यांदा बघून विल्यम्स इतके हलले की स्पीलबर्गना म्हणाले, याला माझ्याहून चांगला संगीतकार हवा. स्पीलबर्ग म्हणाले, मला ठाऊक आहे, पण ते सगळे वारले आहेत! मग विल्यम्स यांनीच संगीत केलं आणि इत्झाक पर्लमन यांनी त्यात व्हायोलिन वाजवलं. ते ऐकताना मोठ्या माणसांचेही डोळे भरून येतात. त्या वर्षी बाहुली त्याला मिळाली, आणि ती योग्य जागी गेली असं मला वाटतं. तरीही डायनासोर राहून गेले याची चुटपुट आहेच.

चोपन्नावं नामांकन जाहीर झालं तेव्हा विल्यम्स 91 वर्षांचे होते, ब्याण्णवावा वाढदिवस दोन आठवड्यांवर. स्पर्धेच्या यादीत इतकं वय कुणाचंच नव्हतं, कधीच नव्हतं. त्या वर्षी ‘ओपनहायमर’साठी लुडविग योरान्सन जिंकले. हा तरुण संगीतकार ‘स्टार वॉर्स’च्याच जगातल्या ‘द मँडलोरियन’ या मालिकेलाही संगीत देऊन बसलाय.

बाकीचं कपाट

कपाटात आणखी काय काय आहे ते भराभर सांगते. 2024 पर्यंत 26 ग्रॅमी, ब्रिटनचे सात बाफ्ता, चार गोल्डन ग्लोब, टीव्हीच्या संगीतासाठी तीन एमी. 2004 साली केनेडी सेंटरचा सन्मान. 2016 साली अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटचा जीवनगौरव, जो तोवर अभिनेत्यांना आणि दिग्दर्शकांनाच मिळत आला होता. तो मिळवणारे विल्यम्स पहिले संगीतकार. 2017 साली हार्वर्ड विद्यापीठाची मानद डॉक्टरेट. 2022 साली ब्रिटनचा मानद नाइट किताब, राणी एलिझाबेथ यांनी आपल्या अखेरच्या काळात मंजूर केलेल्यांपैकी एक. मात्र विल्यम्स ब्रिटनचे नागरिक नाहीत, म्हणून त्यांच्या नावामागे ‘सर’ लावत नाहीत.

एक सन्मान मात्र भराभर सांगून चालणार नाही, कारण त्यात पुन्हा विज्ञान आलं. 20 जानेवारी 2009 रोजी बराक ओबामा अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेणार होते. त्या सोहळ्यासाठी विल्यम्स यांनी चार वाद्यांची एक रचना लिहिली: व्हायोलिन, चेलो, क्लॅरिनेट आणि पियानो. वाजवणारे सगळे दिग्गज, पर्लमनही त्यांत होते. पण वॉशिंग्टनला त्या दुपारी पारा शून्याच्या खाली होता! एवढ्या थंडीत लाकूड आकसतं, जुन्या मौल्यवान व्हायोलिनला तडा जाऊ शकतो. तारांचा ताण बदलतो. क्लॅरिनेटमधली हवा गार झाली की तिच्यातून ध्वनी हळू जातो आणि सूर उतरतो, म्हणजे चार वाद्यं चार दिशांना बेसूर. मग काय केलं? रचना दोन दिवस आधीच ध्वनिमुद्रित करून ठेवली होती. वादकांनी उघड्यावर वाजवलं खरं, पण लोकांना ऐकू आलं ते आधीचं रेकॉर्डिंग. ओबामांच्याच हातून विल्यम्स यांना पुढच्या वर्षी राष्ट्रीय कला पदक मिळालं.

आणि ‘स्टार वॉर्स’? लंडन सिम्फनी ऑर्केस्ट्राने 1977 च्या मार्चमध्ये वाजवलेलं ते संगीत अमेरिकेच्या राष्ट्रीय ध्वनी संग्रहात कायमचं जपून ठेवलंय. 2005 साली अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटने अमेरिकी सिनेमांच्या संगीताची यादी केली, तेव्हा पहिला क्रमांक त्यालाच दिला.

आता तुमच्यासाठी एक काम. सुट्टीत ‘ई.टी.’ मिळवा आणि घरच्यांसोबत बघा. शेवटची पंधरा मिनिटं आली की आधी आवाज पूर्ण बंद करून बघा. मग तोच भाग आवाजासकट पुन्हा बघा. सायकली नेमक्या कुठल्या वाद्यांवर हवेत उचलल्या जातात ते कान देऊन ऐका. नावं सरकायला लागली की लगेच उठू नका, संगीतकाराचं नाव वाचूनच उठा. दोन्ही वेळी काय काय वेगळं वाटलं, ते तुमच्या शब्दांत लिहून आम्हाला पत्राने कळवा. पत्रावर इयत्ता आणि गावाचं नाव लिहायला विसरू नका.